‘ताई’ म्हणणारे वीस हजार लोक

रात्रीचे साडेनऊ. समजा, यावल तालुक्यातल्या एका घरात भांडी घासून झाली, मोबाइल पिठाच्या डब्याला टेकवून उभा केला आणि लाइव्ह सुरू झालं. पहिल्या मिनिटाला चाळीस जण, दहाव्या मिनिटाला तीनशे. अहिराणीत, म्हणजे खान्देशच्या बोलीत, कॉमेंटी धावू लागतात. ‘जय खान्देश’, ‘सुरतमा देखी रायनू ताई’, ‘जेवन झायं का?’, ‘मनं नाव ल्या ना’. ताई एक नाव वाचते, ‘कसा शेतस भाऊ’ म्हणते आणि पुढे जाते. दोन सेकंदांचं काम. ज्याचं नाव घेतलं तो सुरतच्या उधन्यातल्या खोलीत पाळी संपवून बसलाय. दिवसभर हिंदी-गुजराती बोललाय. खान्देशातल्या एका चुलीपुढून आपलं नाव आलं म्हणून तो त्या रात्री खुशीत झोपतो.

त्याची खुशी खरी आहे. ताईचा आपलेपणाही खोटा नाही. तरी हे नातं दोन्ही बाजूंनी सारखं नाही. कुठे सारखं नाही आणि त्यामुळे काय बिघडतं, हे चॅनल चालवणाऱ्याला आणि बघणाऱ्याला दोघांनाही कळलेलं बरं.

ओळख एका बाजूची

१९५६ साली डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल या अमेरिकन अभ्यासकांनी टीव्हीच्या निवेदकांबद्दल एक निरीक्षण मांडलं. निवेदक कॅमेऱ्यात बघून ‘तुम्ही’ म्हणतो, मध्येच असा थांबतो की जणू समोरून उत्तर आलंय, आणि घरात बसलेला माणूस मनातल्या मनात खरंच उत्तर देतो. अशा एकतर्फी ओळखीला त्यांनी ‘पॅरासोशल’ असं नाव दिलं. आकाशवाणीला फर्माइशीचं पत्र टाकून आपलं नाव ऐकायला रेडिओशी कान लावून बसणाऱ्यांना हे सांगायला अमेरिकेहून कुणी यायची गरज नव्हती म्हणा.

मोबाइलने त्यात दोन गोष्टी वाढवल्या. पहिली, अंतर. एडवर्ड हॉल या मानववंशशास्त्रज्ञाने १९६० च्या दशकात माणसं एकमेकांपासून किती लांब उभी राहतात हे मोजलं होतं. साधारण ४५ सेंटिमीटरच्या आत आपण फक्त जिवलगांना येऊ देतो. आता समोरचा कॅमेरा हातभर अंतरावर धरून केलेला व्हिडिओ आठवा. चेहरा तेवढ्याच जवळ असतो, आणि बघणारा तो अंथरुणात, डोळ्यांपासून वीतभर अंतरावर धरून बघतो. सभेतल्या वक्त्याबद्दल जे कधी वाटणार नाही ते इथे वाटतं, कारण हे अंतर नवरा-बायकोचं, आई-लेकराचं आहे. डोळ्यांना तेवढं पुरतं.

दुसरी गोष्ट जास्त ताकदीची. टीव्ही कधीच उत्तर देत नव्हता, मोबाइल कधीकधी देतो. दर वेळी उत्तर मिळालं असतं तर त्याची नवलाई सरली असती. कधीच मिळालं नसतं तर माणूस कंटाळून उठला असता. शंभरातून एकदा मिळतं, म्हणून तो रोज येतो. लॉटरीच्या दुकानापुढे तोच माणूस रोज का दिसतो याचं कारण हेच आहे.

आता कोणाला काय माहीत आहे ते बघा. उधन्याच्या भाऊला ताईची म्हैस कधी व्याली, सासूचा गुडघा कुठल्या दवाखान्यात दाखवला, पोरगा दहावीला कोणत्या विषयात अडकला, सगळं ठाऊक. ताईला तिच्या यूट्यूब स्टुडिओत दिसतं ते एवढंच: बघणारे कोणत्या वयोगटातले, बाया किती, पुरुष किती, कोणत्या भागातले, किती वाजता येतात, व्हिडिओच्या कोणत्या सेकंदाला उठून जातात. तिला गर्दी कळते, गर्दीतला माणूस कळत नाही. त्याला माणूस कळतो, पण आपण गर्दीत कितवे आहोत हे कळत नाही. पुढची जवळजवळ सगळी भांडणं या फरकातून निघतात.

अहिराणीत बोललं की काय होतं

पुण्या-मुंबईच्या चॅनलला हे लागू आहेच, पण खान्देशात त्याला वेगळीच धार येते. अहिराणीला शाळेत, टीव्हीवर, कचेरीत जागा मिळाली नाही. बऱ्याच घरांत पोरांना ‘नीट मराठीत बोल’ म्हणून दटावलं गेलं. ती भाषा मोबाइलवर आली ती थेट चुलीपुढून, शेताच्या बांधावरून, हळदीच्या मांडवातून. सुरतेत, नाशिकला, कल्याणला पोटापाण्यासाठी गेलेल्या माणसाला ती ऐकू येते तेव्हा तो रेसिपी बघत नसतो, माहेरच्या अंगणात बसलेला असतो. एवढा विश्वास कुठल्याही जाहिरातीने मिळत नाही. ताईला तो फक्त तोंड उघडल्यावर मिळतो.

त्यात नात्याचे शब्द. इकडे कोणी ‘फॉलोअर’ नसतो. ताई, भाऊ, जिभाऊ, आप्पा, नाना, माय. हे शब्द दुहेरी काम करतात. परक्या बाईला ‘ताई’ म्हटलं की पुरुषाला बोलायची मुभा मिळते आणि बाईला एक कुंपण मिळतं: ताई म्हणालास, आता ताईसारखं वाग. गल्लीत हे कुंपण टिकतं, कारण तिथे बघायला चार लोक असतात. मोबाइलवर पहाटे दोनला मेसेज टाकणाऱ्याला बघणारं कोणी नसतं.

शिवाय नात्याच्या शब्दाला देणं-घेणं चिकटून येतं. बहीण म्हटलं की रक्षाबंधनाची वाट बघितली जाते, भाऊ म्हटलं की अडचणीला धावून येण्याची. म्हणून ‘ताई, मी तीन वर्षांपासून तुमचा एकही व्हिडिओ सोडला नाही, पोरीच्या लग्नाला आलाच पाहिजे’ असा मेसेज येतो. ताईला हा माणूस कोण ते माहीत नाही. ती उत्तर देत नाही. त्याच्या लेखी मात्र बहिणीने पत्रिका नाकारलेली असते. अशा माणसाची पुढची कॉमेंट शिवीची असली तर त्यात आश्चर्य नाही. परक्याने नाही म्हटल्यावर माणूस निघून जातो, घरच्याने नाही म्हटल्यावर रुसतो.

भाषेचीही मालकी सांगितली जाते. ताईने चार वाक्यं प्रमाण मराठीत बोलली की ‘मोठी झाली, भाषा विसरली’. चोपड्याकडचा शब्द वापरला की धुळ्याकडचे ‘ही अहिराणी नाही’ म्हणणार, साक्रीकडचे आणखी तिसरं काही. ज्या गोष्टीमुळे प्रेक्षक जवळ आला त्याच गोष्टीचा तो पहारेकरी होतो. हा प्रेक्षकाचा जोर आहे, आणि कमी समजू नये असा आहे.

वेळेचा हिशोब

समजा चॅनलला वीस हजार सबस्क्रायबर आहेत आणि एका व्हिडिओवर त्यातल्या शंभरात एकानेच कॉमेंट केली. दोनशे कॉमेंटी. एकेक वाचून उत्तर द्यायला एक मिनिट धरलं तर तीन तास वीस मिनिटं. आठवड्याला तीन व्हिडिओ म्हटले तर दहा तास. हे सगळं स्वयंपाक, शेत, शूटिंग, एडिटिंग सांभाळून. ते होत नाही, मग निवड होते. आणि निवड कुणाची होते? जो पहिला आला त्याची, जो पैसे देतो त्याची, आणि जो अंगाला लागेल असं बोलतो त्याची. शांतपणे रोज बघून जाणारी फैजपूरची म्हातारी कुणाच्याच लक्षात येत नाही.

शिवीला उत्तर देण्याची सवय सगळ्यांत महागात पडते. इतर लोक बघतात की दोन वर्षं ‘छान ताई’ लिहिणाऱ्याला उत्तर नाही, आणि घाण बोलणाऱ्यावर ताईने अख्खा व्हिडिओ केला. धडा स्पष्ट आहे. त्यापेक्षा यूट्यूबवर ‘चॅनलवरून युजर लपवा’ हा पर्याय आहे. त्या माणसाला काही सूचना जात नाही, इतरांना त्याची कॉमेंट दिसत नाही. नको असलेल्या शब्दांची यादी सेटिंगमध्ये टाकता येते. ती टाकताना अहिराणी शिव्या, त्यांची वेगवेगळी शुद्धलेखनं आणि इंग्रजी अक्षरांत लिहिलेली रूपंही टाकावी लागतात. यंत्राला हिंदी शिवी थोडीफार कळते, आपल्याकडची कळेल याचा भरवसा नाही. लाइव्हमध्ये ‘स्लो मोड’ लावला की एका माणसाच्या दोन कॉमेंटींत ठरावीक सेकंदांचं अंतर राहतं.

गर्दी वाढली की विश्वासू प्रेक्षकाला मॉडरेटर करतात. नावापुढे पान्याचं चिन्ह येतं, आणि त्या माणसाला वाटतं की आपण आता घरात आलो. तो फुकट राबतो, रात्री बारापर्यंत जागतो. बिघाड इथे ठरलेला आहे. ताईने दुसऱ्याला पाना दिला की पहिला दुखावतो, आणि त्याच्याकडे वर्षभराचे खाजगी मेसेज, त्यांचे स्क्रीनशॉट असतात. मॉडरेटर दोन-तीन ठेवा, तीन महिन्यांनी पाळी बदला, आणि हे पहिल्याच दिवशी सांगा. कामाबद्दल काही देता येत असेल तर द्या, कारण पैशाने हिशोब फिटतो, उपकाराचा फिटत नाही. चॅनलचं एडिटिंग कुणाला द्यायचं असेल तर गूगलचा पासवर्ड देऊ नका, यूट्यूब स्टुडिओच्या परवानग्यांमध्ये त्याला ‘एडिटर’ म्हणून जोडा. भांडण झालं तर एका बटणात काढता येतो.

या सगळ्यावर तिसरा मालक बसलाय, तो म्हणजे प्लॅटफॉर्म. २९ जून २०२० ला टिकटॉकवर बंदी आली आणि गावोगावच्या पोरांचे लाखो फॉलोअर एका रात्रीत गेले. ते कोण होते, कुठले होते, याची यादी कुणाकडेच नव्हती. इंस्टाग्रामचं रील्स आणि यूट्यूबचं शॉर्ट्स त्याच वर्षी आलं, तिथे पुन्हा शून्यापासून सुरुवात. ‘माझे प्रेक्षक’ हा शब्द त्या दिवसापासून जपून वापरावा असा झाला.

दौलतजादा आणि सुपर चॅट

पैशाचं प्रकरण आपल्याला नवीन नाही. तमाशाच्या कनातीत कुणी नोट पुढे करायचा, ती घ्यायला कलावंतीण यायची, देणाऱ्याचं नाव पुकारलं जायचं, मग त्याच्या पसंतीची लावणी. ही दौलतजादा. पैशाने विकत मिळायचं ते चारचौघांत पुकारलेलं नाव. सुपर चॅटमध्ये, म्हणजे लाइव्हमध्ये पैसे देऊन टाकलेल्या कॉमेंटीत, तेच मिळतं. कॉमेंटीला रंग चढतो, आणि रक्कम जितकी मोठी तितका वेळ ती वर टिकून राहते. शंभर रुपये दिले तर त्यातले सत्तरेक चॅनलला जातात, बाकीचे यूट्यूब ठेवतं. जाहिरातीच्या उत्पन्नात चॅनलचा वाटा ५५ टक्के असतो, शॉर्ट्समध्ये ४५. जाहिरातीचा पैसा सुरू व्हायला एक हजार सबस्क्रायबर आणि वर्षभरात चार हजार तास बघणं, किंवा ९० दिवसांत शॉर्ट्सचे एक कोटी व्ह्यूज लागतात. सुपर चॅटचं दार त्याआधीच, पाचशे सबस्क्रायबरच्या पायरीवर उघडू शकतं. म्हणजे लहान चॅनलला पहिला पैसा बहुतेक वेळा प्रेक्षकाच्या खिशातूनच येतो, कंपनीच्या नाही.

फडात एक सोय होती: कनात पहाटे उतरायची, फड पुढच्या गावाला जायचा, आणि मध्ये फडमालक उभा असायचा. मोबाइलवर कनात उतरत नाही. आज शंभर देणारा उद्या पाचशे देतो, परवा विचारतो की ‘ताई, आज माझं नाव का नाही घेतलं?’ त्याने कधी म्हटलं नसेल, पण त्याने काहीतरी विकत घेतलंय अशी त्याची समजूत झालेली असते. ती समजूत ताईनेच, रोज मोठ्या रकमेला मोठा ‘धन्यवाद’ देऊन, पक्की केलेली असते.

यावर उपाय कोरडा आहे पण चालतो. लाइव्हच्या सुरुवातीची दहा मिनिटं फुकट आलेल्यांची नावं घ्यायची. पैसे देणाऱ्यांची नावं शेवटी, एका सुरात, रक्कम न उच्चारता. पैशाच्या बदल्यात फोन, व्हिडिओ कॉल, खाजगी नंबर यांतलं काहीही नाही, एकदाही नाही. एकच माणूस पुन्हा पुन्हा मोठी रक्कम टाकतोय असं दिसलं तर लाइव्हमध्येच, नाव न घेता, सांगायचं: घरचं सांभाळून द्या. पाच हजार सोडायला जीव तुटतो हे मान्य. पण त्याच्या बायकोचा फोन येतो तेव्हा तो पाच हजारांचा नसतो.

पडद्यावर क्यूआर कोड लावणाऱ्यांसाठी एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट. पैसे टाकणाऱ्याला तुमचं बँकेतलं पूर्ण नाव दिसतं, आणि बऱ्याच यूपीआय आयडीची सुरुवात थेट मोबाइल नंबरने होते. म्हणजे नंबर तुम्हीच वाटला. ॲपमध्ये नंबर नसलेला आयडी बनवता येतो, तो बनवा. व्हॉट्सॲप ग्रुपचंही तसंच: १,०२४ पर्यंत लोक, आणि प्रत्येकाला प्रत्येकाचा नंबर दिसतो. चॅनलच्या भरवशावर ग्रुपमध्ये आलेल्या बायांना दुसऱ्याच दिवसापासून ‘हाय’ येऊ लागतं. व्हॉट्सॲपचं ‘चॅनल’ त्यापेक्षा बरं, तिथे एकमेकांचे नंबर दिसत नाहीत.

भाऊंनी सांगितलेली बाटली

विश्वास सगळ्यांत महाग विकला जातो तो शेतीच्या व्हिडिओत. कपाशीला पातेगळ लागली, केळीच्या पानावर करपा दिसला, आणि शेतकऱ्याने मोबाइल उघडला. ‘मना शेतमा मी हेच मारेल शे’ म्हणत भाऊ एक बाटली दाखवतात. कृषी अधिकारी सांगतो तेव्हा शेतकरी चार प्रश्न विचारतो. भाऊ सांगतात तेव्हा विचारत नाही, कारण भावाला पावती मागायची नसते.

कायदा इथे बऱ्यापैकी स्पष्ट आहे. जानेवारी २०२३ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने मार्गदर्शक सूचना काढल्या. कंपनीशी कुठलाही फायद्याचा संबंध असेल तर तो सांगावा लागतो. फायदा म्हणजे रोख पैसेच असं नाही: फुकट मिळालेली वस्तू, सवलत, सहल, बक्षीस, नातेवाइकाची कंपनी, सगळं त्यात येतं. व्हिडिओ असेल तर व्हिडिओतच, दिसेल आणि ऐकू येईल असं सांगायचं, खालच्या वर्णनात ढकलून चालत नाही. लाइव्ह असेल तर पूर्ण वेळ पडद्यावर. आणि ज्या भाषेत जाहिरात, त्याच भाषेत. म्हणजे अहिराणीत बाटली विकून कोपऱ्यात बारीक इंग्रजी शब्द टाकणं हे पाळणं झालं नाही. ‘हाई जाहिरात शे, पैसा लिसन करेल शे’ (ही जाहिरात आहे, पैसे घेऊन केली आहे) एवढं वाक्य पुरतं. दिशाभूल करणारी जाहिरात केली तर ग्राहक संरक्षण कायदा २०१९ खाली दहा लाखांपर्यंत दंड आहे, पुन्हा केली तर पन्नास लाखांपर्यंत, शिवाय जाहिरात करण्यावर एक ते तीन वर्षं बंदी येऊ शकते. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमचा तर विषयच संपला: २०२५ च्या कायद्याने ते खेळ चालवणं आणि त्यांची जाहिरात करणं दोन्ही गुन्हा झाले, जाहिरातीला दोन वर्षांपर्यंत कैद.

बघणाऱ्याने काय करावं? बाटलीवरचं लेबल वाचावं. त्या पिकाचं आणि त्या किडीचं नाव लेबलवर नसेल तर ते औषध त्या कामाला मंजूर नाही, मग भाऊ कितीही गोड बोलो. आणि कॉमेंटीत सरळ विचारावं: ‘भाऊ, याचे पैसे मिळाले का?’ उत्तर येतं की कॉमेंट उडते, यावरून पुष्कळ कळतं.

बिबडे, कळण्याचं पीठ, मसाला असं स्वतःचं विकणाऱ्या बायांबद्दल आमचं मत वेगळं आहे. तिथे मालक आणि जाहिरात करणारी एकच, लपवण्यासारखं काही नाही. एफएसएसएआयची (अन्न सुरक्षेच्या सरकारी प्राधिकरणाची) नोंदणी करा, वजन आणि तारीख छापा. आणि परत करायचा नियम आधी लिहून ठेवा, नाहीतर एक फुटलेलं पाकीट ‘ताईने फसवलं’ म्हणून सगळ्या कॉमेंटींत फिरतं.

खाजगी मेसेज

इथे जोराचा फरक सगळ्यांत धारदार होतो. शहाद्याच्या बारावीतल्या मुलीला तिच्या आवडत्या गायकाने, ज्याचं गाणं प्रत्येक हळदीत वाजतं त्याने, रात्री अकराला ‘तुझी कॉमेंट वेगळी वाटली’ असं लिहिलं, असं धरा. तिच्या दृष्टीने लाखांतून तिची निवड झाली. त्याच्या दृष्टीने तो त्या रात्रीचा सातवा मेसेज असू शकतो. ती ‘नाही’ म्हणू शकते का? कागदावर हो. पण नाही म्हटलं तर तिचं हरवणार ते सगळं, त्याचं हरवणार काहीच नाही.

क्रम ओळखता येतो, कारण तो जवळजवळ तोच असतो. आधी कौतुक. मग ‘हे फक्त तुलाच सांगतोय’ म्हणून स्वतःचं एखादं दुःख. मग इंस्टावरून व्हॉट्सॲपवर, तिथून आपोआप पुसल्या जाणाऱ्या मेसेजवर. मग ‘घरी सांगू नको, त्यांना कळणार नाही’. मग फोटो. तिसऱ्या पायरीवर, म्हणजे बोलणं पुसलं जाईल अशा जागी नेलं की, थांबायचं आणि मोठ्या कुणाला तरी दाखवायचं. मुलगी अठराच्या आतली असेल तर तिची संमती होती की नव्हती हा प्रश्न पोक्सो कायद्यात उरतच नाही. बालकांसाठी १०९८ हा नंबर आहे. फोटोच्या धमक्या, खोटी खाती यांची तक्रार सायबर क्राइमच्या राष्ट्रीय पोर्टलवर होते, पैसे गेले असतील तर ताबडतोब १९३०. मेसेज रागाने उडवू नका, आधी तारीख-वेळ दिसेल असे स्क्रीनशॉट काढा.

उलट दिशेनेही होतं. बाईने स्पष्ट नको म्हटल्यावरही पुरुष पुन्हा पुन्हा संपर्क करत राहिला तर तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ खाली पाठलाग ठरतो, मग तो स्वतःला भाऊ म्हणवो की आणखी काही. त्यासाठी ‘नको’ हे एकदा तरी लेखी, साध्या शब्दांत गेलेलं असावं. बऱ्याच ताया इथे चुकतात. वाईट वाटू नये म्हणून ‘बघू’, ‘वेळ नाही भाऊ’ असं लिहीत राहतात, आणि समोरचा त्या ‘बघू’वर सहा महिने काढतो.

दाजी कुठे आहेत?

ज्या चॅनलवर नवरा दोन वर्षं दिसला आणि मग दिसेनासा झाला, तिथे प्रत्येक व्हिडिओखाली एकच प्रश्न येतो: ‘ताई, दाजी कुठे आहेत?’ दहा जण काळजीने विचारतात, दहा जण चघळायला. स्टुडिओतला आलेख दाखवतो की प्रेक्षक कुठे खिळून बसतात आणि कुठे निसटतात. ताई एकदा व्हिडिओत रडली, तिथे रेघ वर गेली, हे तिला दिसतं. पुढच्या वेळी रडावं असं ती ठरवत नाही, पण त्या दिवशी कॅमेरा बंदही करत नाही. असं हळूहळू होतं.

दाखवायला सुरुवात केलेली गोष्ट बंद करणं फार जड जातं, म्हणून काय कधीच दाखवायचं नाही ते सुरुवातीलाच ठरवावं. आपल्याकडे याची रीत आहे. श्रावणात नागपंचमीनंतरच्या पहिल्या रविवारी खान्देशातली देवी कानबाई बसते, दर्शनाला गाव येतं, गाण्यांना गाव येतं, पण रोट, म्हणजे तिचा प्रसाद, बहुतेक घरांत भाऊबंदकीतलेच खातात. कुणी त्याला अपमान समजत नाही. चॅनलचेही रोट असावेत: पोरांची शाळा, नवरा-बायकोतलं भांडण, दुखणं, कर्ज, माहेरचे वाद. यादी कागदावर लिहून घरच्यांना दाखवा, कारण नवऱ्याचा चेहरा दाखवायचा की नाही हे नवऱ्यालाही विचारायला हवं. लहान मुलाला तर विचारताही येत नाही, म्हणून तिथे आमचं मत सरळ आहे: चेहरा आणि नाव दोन्ही नको.

आधीच उशीर झाला असेल तर एक कॉमेंट लिहून वर पिन करा. ‘घरच्या गोष्टी आता व्हिडिओत येणार नाहीत. सगळे बरे आहेत. विचारलंत, बरं वाटलं.’ तीन वाक्यं. कारण देऊ नका. कारण दिलं की त्यावर प्रश्न येतो.

दारात आलेला प्रेक्षक

मुंबईच्या यूट्यूबरला वॉचमन असतो. पारोळ्याजवळच्या खेड्यात स्टँडवर उतरून ‘व्हिडिओवाली ताईचं घर कोणतं?’ विचारलं की एक पोरगं पुढे चालत दारापर्यंत आणून सोडतं. खान्देशात हा धोका पहिल्या हजार सबस्क्रायबरपासून असतो.

म्हणून व्हिडिओ टाकण्याआधी एकदा आवाज बंद करून, फक्त मागचं बघत पाहावा. खिडकीतून दिसणाऱ्या पाण्याच्या टाकीवर ग्रामपंचायतीचं नाव, गाडीची एमएच १९ ची पूर्ण पाटी, पोराच्या गणवेशावरचा बिल्ला, टेबलावरचं वीजबिल. एकेक वेगळं काही सांगत नाही, चार मिळून पत्ता होतो. बाहेरगावचा व्हिडिओ परत आल्यावरच टाकावा, म्हणजे घर रिकामं आहे हे जाहीर होत नाही. रोज एकाच वेळी एकाच वाटेने शेतात जातानाचे व्हिडिओ नकोत.

भेटायचंच असेल तर जागा तुम्ही ठरवा, दिवसाची, गर्दीची. सारंगखेड्याची यात्रा आहे, तालुक्याचा बाजार आहे. ‘रविवारी अकरा ते बारा, या दुकानापुढे’ असं सांगितलं की बहुतेकांची हौस भागते आणि घराकडे येणारे कमी होतात.

तरीही कुणी आलंच, चाळीसगावहून बायको-पोरांना घेऊन, हातात केळीचा घड घेऊन, तर त्याला हाकलणं इकडच्या माणसाला जमणार नाही, आणि ते करूही नये. ओटा त्यासाठीच आहे. पाणी ओट्यावर, चहा ओट्यावर, घरातलं आणखी एक माणूस शेजारी बसलेलं. फोटो काढायचा तो घराच्या भिंतीकडे पाठ करून नाही, रस्त्याकडे पाठ करूनही नाही, कारण दोन्हींत घर ओळखू येतं. अंगणातल्या झाडाखाली काढा, आणि तो संध्याकाळनंतर टाका असं त्यांना तिथेच सांगा. आत येऊ का, स्वयंपाकघर बघू का, असं विचारलं तर: ‘आतमा सासू झोपेल शे, भाऊ.’